इसिदोरा-सानचं रडणं

इसिदोराला मी चार वर्षं ओळखत होते. त्यातली तीन वर्षं ती मला आवडत नव्हती. मधलं एक वर्ष आवडली, त्याची मला अजून लाज वाटते.

ती मूळची चिलीची. तिथल्या टीव्हीवरची एकेकाळची मोठी नटी, असं ती स्वतः सांगायची, आणि कुणी विचारण्याची वाट न बघता सांगायची. मी तेव्हा नवऱ्याच्या, म्हणजे निरंजनच्या, व्हिसावर तोक्योजवळ ग्योतोकुला राहत होते. तो सकाळी ऑफिसला गेला की घरात करण्यासारखं फारसं नसायचं. कामाची परवानगी काढली आणि शेजारणीच्या ओळखीने तोक्योच्या कोतो भागातल्या एका एजन्सीत नाव घातलं. ही एजन्सी टीव्हीला परदेशी चेहरे पुरवायची. इथे खऱ्या घडलेल्या गोष्टी नाट्यरूपात दाखवणारे कार्यक्रम खूप चालतात. कुठे खून, कुठे विमान अपघात, कुठे वीस वर्षांनी भेटलेली भावंडं. घटना अमेरिकेतली असली तरी चित्रीकरण चिबामधल्या एखाद्या बंद पडलेल्या हॉटेलात होतं आणि त्यात आमच्यासारखे लोक लागतात. मी कधी विमानातली प्रवासी, कधी हॉस्पिटलमधली नर्स, एकदा चक्क मेक्सिकोची भाजीवाली झाले होते. तोंड उघडायचं काम क्वचित. अशा आम्हा लोकांना त्या धंद्यात 'बॅकग्राउंड' म्हणतात.

इसिदोरा बॅकग्राउंड नव्हती. तिला नाव असलेल्या भूमिका मिळत. नवऱ्याला विष घालणारी बायको, हेरगिरी करणारी रशियन बाई, मुलगा हरवलेली इटालियन आई. एजन्सीचे ओगावा-सान तिला 'इशिदोरा-सान' म्हणत आणि ती दर वेळी त्यांचा उच्चार सुधारत असे. ओगावा-सान दर वेळी माफी मागत आणि पुढच्या वेळी पुन्हा इशिदोरा-सानच म्हणत.

पहिल्या दिवशी पहाटे गाडीत बसताना तिने मला पाहिलं आणि आपली बॅग माझ्या मांडीवर ठेवली. पायाशी ठेवली तर चामडं खराब होतं, असं म्हणाली. योकोहामापर्यंत ती बॅग माझ्या मांडीवर होती. मी का ठेवून घेतली, मला सांगता येणार नाही. तिच्या सांगण्यात असं काही असायचं की माणूस आधी करून मोकळा होई आणि मग चिडे.

वय पन्नाशीच्या आसपास. उंची बेताची, मान लांब, आणि केस असे काळेभोर की रंगवलेले आहेत हे लगेच कळावं. सेटवर मिळणारा डबा आमच्याबरोबर बसून कधी खायची नाही. मात्र पॅकअप झालं की उरलेल्यातले दोन डबे घरी न्यायची, तेही कुणाला तरी उचलायला लावून. मेकअप करणारी मुलगी नवीन असली तर तिच्या हातातला ब्रश काढून घेऊन स्वतः रंग लावायची, आणि तो लावताना त्या मुलीला समोर उभं राहून बघायला लावायची. कॉफी थंड असली तर ती प्यायची नाही, परतही करायची नाही. कप नुसता पुढे धरून राहायची, कुणीतरी घेईपर्यंत. माणसांबद्दल बोलायची तिची एक ठरलेली पद्धत होती. दिग्दर्शक? बॅकग्राउंड. चिलीचा राष्ट्राध्यक्ष? बॅकग्राउंड. तिला जपानमध्ये घेऊन आलेला नवरा कोबेला राहत होता. साल्मन मासा आयात करणाऱ्या कंपनीत होता, तिकडे सांतियागोला असताना भेटलेला. त्याला सोडून ती तोक्योला आली होती. त्याच्याविषयी मी विचारलं तर तिने क्षणभर आठवल्यासारखं केलं आणि म्हणाली, "चांगला होता. बॅकग्राउंड."

तिचं मोठेपण मला थाप वाटायचं. तिच्या शब्दांत सांगायचं तर, बंदरावरच्या एका गावात बेकरीवाल्याच्या घरी जन्मले, सोळाव्या वर्षी पळून राजधानीत गेले, नाटकात झाडू मारला, मग टीव्हीवरच्या एका मालिकेत अशी गाजले की रस्त्यातून चालता येईना. दोन सिनेमे केले, त्यातला एक युरोपात गेला. हे सगळं ती एखाद्या पाठ केलेल्या धड्यासारखं सांगायची. मी मनात म्हणायचे, असेल बाई. इथे परदेशात आलेला प्रत्येक जण मागे कुणीतरी मोठा असतोच.

पण ते खरं निघालं. आसाकुसाच्या देवळापाशी आमचं चित्रीकरण होतं आणि दोरीच्या पलीकडे पर्यटकांची गर्दी होती. त्यातली एक साठीची बाई एकदम दोरीखालून आत आली. असिस्टंट धावला, तोवर तिने इसिदोराचे दोन्ही हात धरले होते आणि ती रडत होती. कुठल्या तरी वेगळ्याच नावाने हाक मारत होती. तिच्याबरोबरच्या नातवाने मला इंग्रजीत सांगितलं की ते नाव मालिकेतल्या बाईचं. ती मालिका लागायची तेव्हा आमच्या गल्लीत सगळे आधी जेवून घ्यायचे, म्हणाला. त्यातली ही बाई मेली तेव्हा या आजीने आठवडाभर काळे कपडे घातले होते.

इसिदोरा त्या बाईशी फार सुंदर वागली. तिचे डोळे पुसले, कपाळाला कपाळ लावलं, फोटो काढू दिले. मलाही भरून आलं. फोटो संपले, ती मंडळी गेली आणि इसिदोराने माझ्यापुढे हात केला. मला वाटलं हात धरायला. तिला ओला टिश्यू हवा होता. बोटं एकेक करून पुसत म्हणाली, किती घामट हात असतात यांचे.

तिच्या कामाबद्दल मात्र मी वाईट बोलणार नाही. बोलता आलं असतं तर हे सगळं सोपं झालं असतं. एका भागात तिला नवऱ्याच्या मृत्यूचा फोन येतो असा प्रसंग होता. लिहिलं होतं की बाई किंचाळते आणि खाली बसते. ती गाजर चिरत होती. फोन कानाला लावला, ऐकलं, खांद्यात धरला आणि गाजर चिरत राहिली. सगळं गाजर चिरून झालं. मग तिने पुढचं गाजर घेतलं आणि ते कुठून धरतात हे तिला आठवेना. एवढंच. दिग्दर्शक कट म्हणायला विसरला. मी मागे शेजारीण म्हणून उभी होते, मीही पुढे यायचं विसरले. ज्या बाईला असं दिसतं, तिला माणसं कळत असणार, अशी मी समजूत करून घेतली. माझी चूक इथेच सुरू झाली.

माझी थोरली बहीण, आमची ताई, विमानं बंद होती त्या कोविडच्या काळात पुण्यात वारली. मला जाता आलं नाही. त्या तारखेला दोन वर्षं झाली तो दिवस आम्ही चिबाच्या समुद्रकिनारी होतो. वारा इतका होता की काम थांबवून सगळ्यांना गाडीत बसवलं. दुपारची वेळ. इसिदोरा शेजारी होती. मी सकाळपासून बोलत नाही हे तिच्या लक्षात आलं आणि तिने काय झालं म्हणून विचारलं. दोन वर्षांत तिने मला पहिल्यांदा काहीतरी विचारलं होतं. मी सांगितलं.

ताई हॉस्पिटलमध्ये होती, कुणाला आत सोडत नव्हते. वॉर्डातल्या मावशी तिच्यासमोर फोन धरायच्या. इकडे निरंजन माझ्यासाठी फोन धरायचा. ताई फार टापटिपीची. शेवटच्या दिवशी तिला बोलायला दम लागत होता, तरी म्हणाली, "त्या मावशींना सांग ना, माझे केस विंचरा म्हणून. डोकं चिकट झालंय." मी फोनवरून मावशींना विनंती केली. त्या बिचाऱ्या डोक्यापासून पायापर्यंत प्लास्टिकमध्ये, हातात दोन दोन मोजे. त्यांनी तसेच तिचे केस विंचरले आणि भांग पाडला. ताईने फोनच्या पडद्यात स्वतःला पाहिलं आणि हसली. "उजवीकडे पाडलाय गं. राहू दे, छान आहे." सकाळी गेल्याचा फोन आला.

इसिदोराने माझा हात धरला होता. तिने एकदाही मध्ये स्वतःचं काही सांगितलं नाही. फक्त प्रश्न विचारले. केस किती लांब होते? कंगवा कसला होता? हसली ती आवाज करून की नुसते ओठ हलले? मला ते प्रश्न प्रेमाचे वाटले. दोन वर्षांत लोकांनी मला धीर दिला होता, देवाची इच्छा सांगितली होती, पण ताई हसली कशी हे कुणी विचारलं नव्हतं. मी सगळं सांगितलं, अगदी मोज्यांचा केसांना लागताना होणारा आवाज कसा होता तेसुद्धा.

त्यानंतरचं वर्ष ते. मी तिला थालीपीठ करून न्यायचे, तिच्यासाठी गाडीत जागा धरायचे. निरंजन म्हणायचा, बरं झालं, तुला कुणीतरी मैत्रीण मिळाली.

एका रविवारी संध्याकाळी आम्ही दोघं कपड्यांच्या घड्या घालत होतो आणि टीव्ही लावलेला होता. जपानमध्ये राहणाऱ्या परदेशी लोकांच्या मुलाखतींचा कार्यक्रम होता. इसिदोरा येणार हे मला माहीत होतं, तिनेच वेळ कळवली होती. तिचं जपानी मोडकं होतं, पण त्या मोडकेपणाचाही तिला उपयोग करता यायचा. मुलाखत घेणाऱ्या बाईने विचारलं, तुम्हाला मुलं? इसिदोरा थांबली. मग म्हणाली, मुलगी होती. ती तापाने गेली. विमानं बंद होती म्हणून मी जाऊ शकले नाही. नर्सने फोन धरला होता. मुलगी म्हणाली, आई, हिला माझे केस विंचरायला सांग.

माझ्या हातात निरंजनचा शर्ट होता. तो मी घट्ट धरून बसले. टीव्हीवर इसिदोरा कंगवा धरल्यासारखा हात हवेत हळूहळू फिरवत होती आणि त्या नर्सच्या मोज्यांचा आवाज कसा येत होता ते सांगत होती. भांग चुकीच्या बाजूला पडला, म्हणाली. तरी ती हसली. आवाज नाही आला, नुसते ओठ हलले. मुलाखत घेणारी बाई रुमालात तोंड लपवून रडत होती.

निरंजन म्हणाला, "हे ताईचं आहे." आणि त्याने टीव्ही बंद केला.

दुसऱ्या दिवशी मी एजन्सीत गेले. ती तिथे येणार हे मला ठाऊक होतं. ओगावा-सान तिच्यासमोर चहा ठेवून अभिनंदन करत होते, लोकांना मुलाखत फार आवडली म्हणून सांगत होते. ते आत जाईपर्यंत मी थांबले आणि तिला विचारलं की तू असं का केलंस. मी ओरडणार असं घरून ठरवून आले होते, पण विचारलं ते अगदी हळू.

तिने मान तिरकी करून माझ्याकडे पाहिलं. तिला खरोखर आश्चर्य वाटलेलं दिसत होतं. "तू ही गोष्ट गाडीत एका माणसाला सांगितलीस," ती म्हणाली. "मी सगळ्या देशाला रडवलं. तुझ्या बहिणीचं यात काय वाईट झालं?"

"तिचं नावही घेतलं नाहीस."

"नाव कठीण आहे."

मी विचारलं, तुला मुलगी नाहीच ना? तर म्हणाली, आहे की, सांतियागोला असते. आणि पुढे सहज, हवापाण्याबद्दल बोलावं तसं म्हणाली, "ती टीव्ही बघत नाही."

मी तिच्याशी बोलणं बंद केलं. ओगावा-सानना कारण सांगितलं, तेव्हा ते म्हणाले, तुम्हा दोघींना एका गाडीत बसवणार नाही. त्यांनी तेवढं पाळलं. इसिदोराला मात्र त्या मुलाखतीनंतर आधीपेक्षा जास्त कामं मिळू लागली, आणि सगळी आईची.

तीन-चार महिन्यांनी ओगावा-सानचा फोन आला की एक परदेशी मुलगी ऑफिसात येऊन बसली आहे, इंग्रजी बोलते, जरा याल का. मी गेले. चोविसेक वर्षांची, दणकट बांध्याची मुलगी होती, केस मुलासारखे बारीक कापलेले. नाव आंतोनिया. तिने आईचं नाव सांगितलं आणि ओगावा-सानच्या हातातला चहा सांडला.

मी तिला खालच्या एका साध्या हॉटेलात जेवायला नेलं. ती जनावरांच्या दवाखान्यात काम करायची. सहा वर्षांची असताना आई सोडून गेली, आजीने, म्हणजे इसिदोराच्या आईने, वाढवलं. मुलाखतीचा तुकडा कुणीतरी तिकडे पसरवला होता. इसिदोराला तिथले लोक अजून विसरले नव्हते. दुसऱ्या दिवसापासून आजीच्या दारात माणसं येऊ लागली, फुलं घेऊन, केक घेऊन. दार उघडायला आंतोनियाच जायची. ते म्हणायचे, फार वाईट झालं. ती म्हणायची, आभारी आहे. फुलं ठेवायला शेवटी बादल्या काढाव्या लागल्या, असं सांगताना ती थोडी हसली. पण आजीने त्या दिवसापासून अंथरूण धरलं होतं. तिला सारखी शंका यायची की आंतोनियाला काही आजार आहे आणि तो आपल्यापासून लपवलाय. आईने फक्त एकदा आजीला फोन करून हे सगळं खोटं आहे असं म्हणावं, एवढ्यासाठी पोरगी जगाच्या या टोकाला आली होती. आधी कोबेला गेली. सावत्र वडिलांनी तिला जेवू घातलं, आईचा पत्ता दिला, स्टेशनपर्यंत सोडायला आले. इथे आईने दार उघडलं नाही. आतून पावलं ऐकू आली, म्हणाली.

मग तिने मला विचारलं, "त्या मुलाखतीत ती जपानीत बोलते. खाली दोनच ओळी भाषांतर होतं. मी कशी मेले म्हणून सांगते ती?"

मी तिला सगळं सांगितलं, आणि ते कुणाचं मरण होतं तेही. आंतोनियाने चमचा खाली ठेवला. माझी माफी मागितली. मी म्हटलं, तू कशाला मागतेस. थोड्या वेळाने तिने विचारलं, "तुमची ताई जिवंत असताना कशी होती?" मी सांगू लागले. ती भांडायची कशी, गाडी चालवायची कशी, भात कसा करपवायची. आम्ही तिथे इतका वेळ बसलो की त्यांनी दोनदा पाणी बदललं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ओगावा-साननी इसिदोराला कामाच्या निमित्ताने बोलावलं. या माणसाच्या हातून इतकी धीट गोष्ट होईल असं मला वाटलं नव्हतं. ती आली, कोट काढला, आणि वळली तर समोर मुलगी. अठरा वर्षांनी. मला वाटलं, आता ही रडेल. तिला रडता येतं तसं मी कुणाला रडताना पाहिलं नव्हतं.

ती रडली नाही. आंतोनियाकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं, स्पॅनिशमध्ये एक वाक्य बोलली आणि कोट पुन्हा अंगात घालू लागली. आंतोनिया तिच्याशी शांतपणे काहीतरी बोलत होती. हातातला फोन पुढे करत होती, त्यावर आजीचा नंबर लावून तयार होता. इसिदोराने त्या फोनकडे पाहिलं, मग घड्याळाकडे. म्हणाली, हे इंग्रजीत, आम्हालाही कळावं म्हणून, की तिला पोचायला उशीर होतोय. आणि गेली.

ती आधी काय बोलली, हे मी विमानतळाच्या गाडीची वाट बघताना आंतोनियाला विचारलं. तिने डोक्यावरून हात फिरवला.

"केस का कापलेस, म्हणाली. मी सगळ्यांना लांब आहेत असं सांगितलंय."

आजी दोन महिन्यांनी गेली. आंतोनियाने मला कळवलं. आईला कळवलं का, असं मी विचारलं नाही.

मी ते काम सोडलं. आता कोतोमधल्याच एका शाळेच्या ऑफिसात आहे. इसिदोराचं पुढे काय झालं याची चौकशी करायची नाही असं मी ठरवलं होतं. तरी कळायचंच, कारण ती टीव्हीवर दिसायची. तिने केस रंगवणं सोडलं होतं. पांढऱ्या केसांत ती जास्तच चांगली दिसते हे मला टीव्ही बंद करण्याआधी रोज दिसायचं.

गेल्या नोव्हेंबरात मी शाळेतून निघून किबाच्या बागेतून सायकलने चालले होते. पुढे दोरी लावली होती आणि एक मुलगा हात जोडून लोकांना पाच मिनिटं थांबायला सांगत होता. दोरीपलीकडे बाकावर इसिदोरा बसलेली. शेजारी रिकामी बाबागाडी. मला वळून दुसऱ्या वाटेने जाता आलं असतं. मी थांबले.

तिला करायचं फार काही नव्हतं. ती बाबागाडी एका पायाने मागेपुढे करत होती, आत बाळ असल्यासारखी, आणि समोरच्या झाडांकडे बघत होती. चेहऱ्यावर काही नव्हतं. मग तिचा पाय हळूहळू थांबला. पाय थांबलाय हे तिच्या लक्षात आलं, आणि तिने पुन्हा गाडी हलवायला सुरुवात केली, आधीपेक्षा हळू, झोपमोड होऊ नये अशी. माझ्याशेजारी भाजीची पिशवी घेतलेली एक म्हातारी होती. तिने तोंडावर हात ठेवला. मला या बाईचं सगळं ठाऊक होतं. ती मेलेली माणसं कुठून आणते, जिवंत माणसाला दारात कशी उभी ठेवते, सगळं. काही उपयोग झाला नाही. माझे डोळे वाहू लागले, आणि त्याचा इतका राग आला की सायकलचं हँडल मी दोन्ही हातांनी दाबून धरलं.

कट झालं. कुणीतरी तिच्या खांद्यावर शाल टाकली. तिची नजर दोरीवरून फिरली आणि माझ्यावर येऊन थांबली. ती उठून सरळ माझ्याकडे चालत आली. मला वाटलं, आईविषयी काही बोलेल, मुलीविषयी विचारेल. निदान कशी आहेस म्हणेल.

"रडलीस?" तिने विचारलं.

मी नाही म्हटलं.

तिने माझा चेहरा जवळून, नीट पाहिला. मग समाधानाने मान हलवून ती परत बाकावर जाऊन बसली आणि कॉफीसाठी हात पुढे केला. मुलाने दोरी सोडली. थांबल्याबद्दल त्याने वाकून माझे आभार मानले आणि मी चेहरा न पुसताच सायकल पुढे काढली.